खालची जागा कापू नका

माझं शिक्षण चौथीपर्यंत. वाचता येतं, पण ओळीखाली बोट ठेवून, सावकाश.

माझी धाकटी लेक तीर्थपुरीला एका ऑनलाइन सेंटरवर कामाला जायची. टायपिंगचा हात बसावा म्हणून सेंटरवाल्या दादांनी तिला एक जुना लॅपटॉप घरी दिला होता. संध्याकाळी मी भाकरी थापायची आणि ती चुलीपासून जरा लांब, पाटावर लॅपटॉप ठेवून बसायची.

"माय, बोल काहीतरी. मी लिहिते."

चार माणसांत माझ्या तोंडून शब्द फुटत नाही. पण तिच्यापुढं बोलायची. बाजरीच्या खारोड्या कशा घालायच्या, माहेरची विहीर, माझी शाळा का सुटली. तिची टकटक चालू राहायची. "हळू माय, मला दहाच बोटं हायेत!" मग ती सगळं वाचून दाखवायची. बोलणं माझं आणि आवाज तिचा.

एका संध्याकाळी ती म्हणाली, "मी झाले तवाचं सांग." मी खरं तेच सांगायला लागले. एवढ्यात शेजारीण विरजण मागायला आली आणि दारातच उभी राहून ऐकायला लागली. मी गप्प झाले.

"का वं, मी आल्याबराबर कुलूप लावलं का तोंडाला?" शेजारीण हसून म्हणाली.

ती वाटी घेऊन गेल्यावर लेक म्हणाली, "सांग की पुढचं."

"बाकीचं उद्या," मी म्हणाले. सूर मोडला होता, आणि लाजही वाटत होती.

दुसऱ्या दिवशी तिला ताप भरला. तिसऱ्या दिवशी जालन्याला नेलं. तिथून ती आली नाही.

लॅपटॉप दादांकडं परत गेला. तिनं लिहिलेली पानं त्यांनी माझ्या मोबाईलवर पाठवून दिली. मी उघडली तर नुसते कंस, टिंबं, मधेच इंग्रजी अक्षरं. मला वाटलं, हे माझ्या चौथीच्या पलीकडचं आहे. कुणाला दाखवायची लाज वाटली. तीन वर्षं मी ती पानं तशीच उघडायची, बघायची आणि बंद करायची.

यंदा दादांचा निरोप आला की लॅपटॉप भंगारात चाललाय, एकदा येऊन जा. मी गेले आणि पदराआडून मोबाईल त्यांच्यापुढं धरला.

"मावशी, हे कुणालाच वाचता यायचं न्हाई," ते म्हणाले. "जुना फाँट हाय. तो फकत ह्या लॅपटॉपात हाय. तीन वर्षं बोलला न्हाईत?"

"मला वाटलं, मलाच येत न्हाई."

त्यांनी लॅपटॉप पुढं ओढला आणि म्हणाले, "फोटो करून देतो. फोटोला फाँट लागत न्हाई. इथं दिसतं तसंच मोबाईलवर दिसंल."

त्यांनी एकेक पान उघडायचं, पडद्याचा फोटो घ्यायचा, कडेचं कापायचं आणि माझ्या मोबाईलवर पाठवायचं. मागं एक बाबा खोळंबले होते. "आमचंबी बघा की जल्दी. सकाळपासून उभं राहून राह्यलो, आता माझाच पुतळा व्हायचा!"

खारोड्या आल्या. विहीर आली. मी बोट ठेवून वाचत होते आणि ओळ माझ्या बोटाच्या आधीच तिच्या आवाजात पुढं जात होती. मी दोनदा मागं वळून पाहिलं. मागं बाबाच होते.

शेवटचं पान उघडलं. त्यावर एकच ओळ होती.

"तू झाली तवा मी भिंतीकडं तोंड केलं अन्"

"इथंच संपलं का?" म्हणत दादांनी त्या शब्दापुढं टिचकी मारली. तिथं एक उभी रेघ लुकलुकायला लागली. कुणीतरी बोटं टेकवून वाट बघत बसावं तशी.

त्यांनी फोटो घेतला. ओळीखाली सगळं पान पांढरं होतं, तेवढं कापायला दादा निघाले.

"कापू नका दादा!"

माझा आवाज सगळ्या दुकानात गेला. बाबासुद्धा बघायला लागले.

"खाली काहीच न्हाई, मावशी."

"असू द्या. खालची जागा राहू द्या. अन् मला कागदावर काढून द्या."

त्यांनी छापून दिलं. फोटोत ती रेघसुद्धा आली होती. आता ती लुकलुकत नव्हती, नुसती उभी होती.

तीन वर्षं मला एकच गोष्ट खात होती. तिला अर्धंच कळलं होतं. तिसरी मुलगी झाली म्हणून आईनं तोंड फिरवलं, एवढंच घेऊन ती गेली. विरजण लावताना रोज मला तिचं "सांग की पुढचं" ऐकू यायचं.

काल दुपारी दार लोटून घेतलं आणि त्या कागदावर, रेघेच्या पुढं, पेनानं लिहिलं. अक्षर वाकडं आलं.

"तू रडली. एकदाच, बारीक. कुणी सांगितलं न्हाई, मीच फिरले अन् तुला उचललं. मंग सुईण मागू लागली तरी दिलं न्हाई."

लिहून झाल्यावर सगळं पहिल्यापासून मोठ्यानं वाचलं. वरची ओळ तिच्या आवाजात आली. रेघेपर्यंत आली आणि थांबली. खालचं मला माझ्याच आवाजात वाचावं लागलं.