दाराबाहेरच्या चपला

हे सांगायचं मी बरीच वर्षं टाळलं. काल चहाच्या दुकानातल्या टीव्हीवर माझाच जुना चित्रपट लागला होता. आरोपीचा बाप पोलीस ठाण्याच्या दाराशी थांबतो, चपला काढतो आणि अनवाणी आत जातो. शेजारचे गृहस्थ म्हणाले, "दिग्दर्शकाचं डोकं बघा." मी म्हणालो, "दिग्दर्शक मीच. डोकं माझं नव्हे."

ते दामूअण्णांचं होतं. नाटकात शिपाई, भटजी, सासरा आणि पडद्यावर नायकांचे बाप, यातच त्यांची हयात गेली. चित्रीकरणात त्यांनी चपला काढल्या तेव्हा मी ओरडलो होतो, "अण्णा, हे काय देऊळ आहे?" ते शांतपणे म्हणाले, "हा माणूस जिथे घाबरतो तिथे चपला काढतो, साहेब."

पुढे त्या प्रसंगाचं फार कौतुक झालं आणि गप्प राहून मी ते पदरात पाडून घेतलं. अण्णा आता नाहीत. मित्र म्हणतात, कशाला उकरून काढतोस? काढणार. भूमिका छोटी म्हणून तिच्यातलं शहाणपण कुणीही उचलून न्यावं, हे मला मान्य नाही. नेणारा मी असलो तरीही.

एकदा माफी मागायला त्यांच्या नाटकाच्या रंगपटात गेलो होतो. नकळत दाराबाहेर चपला काढल्या. अण्णा मिशी चिकटवत होते. आरशातून माझ्या पायांकडे बघून हसले. "साहेब, घाबरलात की काय?"

"छे, सहज आलो होतो," मी म्हणालो. तिसरी घंटा झाली, अण्णा रंगमंचावर गेले आणि माफी माझ्यापाशीच राहिली.