एक बाक आणि दोन जिने

शाळेनं घरी गाडी पाठवली तेव्हाच मी ओळखायला हवं होतं. निवृत्त शिक्षिकेला गाडी कोण पाठवतं? काम होतं. वर्धापनदिनाला रंगीत पुस्तिका निघणार होती आणि तिच्यात शाळेचा इतिहास मी लिहायचा होता. अगदी सुरुवातीपासून तिथं असलेली आणि अजून धडपणे बोलू शकणारी मी एकटीच उरले होते.

इतिहास तसा साधा. पाथर्डीच्या रस्त्याला बंद पडलेल्या जिनिंगच्या शेडमध्ये आमच्या हेडमास्तरांनी ही शाळा काढली. सरकारी अनुदान नाही, खिडक्यांना गजही नाहीत. नियम मात्र एक होता आणि तो ते मोडू देत नसत: एका बाकावर एक मुलगा, एक मुलगी. गावकरी भांडायला आले. हेडमास्तरांनी त्यांना चहा पाजला आणि विचारलं, "शेतात एका सरीत खुरपतात ते चालतं, मग बाकावर काय झालं?" मंडळी कुरकुरत परत गेली, पण मुलींना पाठवत राहिली. लाजणंबिजणं आठवडाभरात संपायचं आणि पेन्सिलीवरून भांडणं सुरू व्हायची. त्या शाळेचा मला अभिमान होता, अजूनही आहे.

आता तिथं गुळगुळीत फरशीची इमारत आहे. तिला दोन जिने, एक मुलांचा, एक मुलींचा. बाक वेगळे, डबा खायच्या जागा वेगळ्या, कोपऱ्याकोपऱ्यात कॅमेरे. आणि फाटकावर भलामोठा फ्लेक्स: सहशिक्षणाची थोर परंपरा. ते वाचून तोंड कडू झालं माझं.

संस्थेचा अध्यक्ष माझाच विद्यार्थी. बापामागून खुर्ची मिळालेला. त्यानं वाकून नमस्कार केला, तो नीट फोटोत आला की नाही हे पाहिलं, आणि परंपरेविषयी बोलू लागला. तेवढ्यात शिपायानं एका बाईला आणि तिच्या नववीतल्या मुलीला आत आणलं.

बाईला मी पाहताक्षणी ओळखलं. तीही माझीच विद्यार्थिनी. नवरा-बायको देवळाली प्रवऱ्याकडं ऊस तोडायला गेलेली, मुलगी आजीजवळ. शाळेतून फोन गेला म्हणून फड सोडून ती एकटीच आली होती. हातांवर उसाच्या पाचटाचे ओरखडे होते. तिला कुणी बस म्हटलं नाही.

मुलीचा गुन्हा असा, की मधल्या सुट्टीत पाण्याच्या टाकीजवळ ती वर्गातल्या एका मुलाला गणित समजावत होती. कॅमेऱ्यात दिसली. मुलाला समज देऊन सोडलं होतं. मुलीच्या हातात दाखला द्यायचं ठरलं होतं.

"साहेब, धाव्वीपोतर राहू द्या तिला," आई हात जोडून म्हणाली. "शाळा सुटली की तिचा बाप फडावर न्हेतोय, आन् पुढल्या साली लगीन लावतोय. मी वळखते त्याला."

"ताई, शाळेच्या प्रतिष्ठेचा प्रश्न आहे," अध्यक्ष म्हणाला.

तिनं पुन्हा हात जोडले. तो मोबाईल बघत होता.

मला राहवेना. "अरे, गणितच शिकवत होती ना ती?"

"बाई, तुमचा काळ वेगळा होता." त्यानं घंटी वाजवली. शिपाई त्या दोघींना सही करायला बाहेर घेऊन गेला.

दार लोटल्यावर तो खुर्चीत मागं रेलला आणि चक्क हसला. "बिचारी. माझ्याच बाकावर असायची, आठवतं ना? अपूर्णांक तिनंच शिकवले मला, भाकरीचे तुकडे करून. पुस्तिकेत घ्या हा किस्सा. फक्त नाव नको."

विसरला असता तर मी त्याला मूर्ख म्हणून सोडून दिलं असतं. ह्याला भाकरीसुद्धा आठवत होती. मी म्हणाले, इतिहास दुसऱ्या कुणाकडून लिहून घे, आणि मला गाडी नको. त्याला वाटलं माझी तब्येत बिघडली. त्यानं पाणी मागवलं. त्या पेल्याला हात लावायचीसुद्धा मला शिसारी आली.

व्हरांड्यात ती उभी होती. मुलीचं दप्तर तिनं आपल्या खांद्याला लावलं होतं.

"बाई, त्यानं वळखलंच न्हाई मला," ती हळूच म्हणाली. "लई वर्सं झाली की. मी आत जाऊन सांगू का, मी कोन ते? मग न्हाई म्हननार न्हाई तो."

मुलगी माझ्याकडं बघत होती. मी हो म्हणावं असं तिला वाटत होतं.

"ओळखलं त्यानं," मी म्हणाले. "पहिल्यापासून."

तिनं त्या बंद दाराकडं एकदा पाहिलं. मग दाखल्याची घडी करून तिनं कमरेच्या पिशवीत खोचली.

"चल गं," ती मुलीला म्हणाली. "जीप निघंल."