भोपळ्याला घातलेली उलटी टीप

काटेकोर मास्तरांनी उभ्या आयुष्यात कुणाच्या कपड्यात माया ठेवली नाही. माया म्हणजे शिलाईच्या आत दडवलेलं जादा कापड. माणूस सुटला की उसवून कपडा सैल करता यावा म्हणून शिंपी ठेवतात ते. मास्तरांना त्याची भारी चीड. "माया ठेवतो तो शिंपी नव्हे, गोणपाट शिवणारा!" असं ते गिऱ्हाइकाच्या तोंडावर सांगत. त्यांचा कपडा घातलेला माणूस रुबाबात चाले खरा, पण बिचाऱ्याला पोटभर जेवायची चोरी.

या हट्टापायी सख्खी थोरली बहीण तुटली. भाचीच्या लग्नात अक्कानं लेकीला मिठी मारायला हात पसरले आणि मास्तरांनी शिवलेला रेशमी झगा काखेपासून कमरेपर्यंत टर्रकन फाटला. आता माणसानं गप्प बसावं की नाही? छे! मास्तर भरल्या लग्नात ओरडले, "झगा मापातच आहे, अक्काच मापाबाहेर गेलीये!" झालं. तेव्हापासून नऊ वर्षं दोघांचं विळ्या-भोपळ्याचं सख्य. अक्का दोन गल्ल्या पलीकडे राहायची आणि दुकानावरून जाताना तोंड फिरवायची.

आणि एक दिवस अक्काचा निरोप आला. ती मोठ्या दुखण्यातून उठली होती आणि येत्या सोमवारी लेकीकडे चालली होती, समुद्रापार, कायमची. "जाण्याआधी एकदा जेवायला येईन," तिनं भावजयीला कळवलं, "पण आई पानगळीत भाजायची तसा फळं भरलेला भोपळा हवा. आणि तो त्यानं स्वतः करायचा. जमत नसेल तर राहू दे."

मास्तरांना साधा चहा येत नव्हता. पण ही शेवटची संधी होती हे त्यांना कळत होतं. हा भोपळा बिघडला तर अक्का पुन्हा दिसायची नाही, या विचारानं त्यांचे हात गार पडले. हात गार पडले की ते टेप काढत. त्यांनी कापड कापायच्या टेबलावर भोपळा बसवला आणि मापाच्या वहीत लिहिलं: छाती अडतीस, कंबर एकेचाळीस, गळा चौदा, बाही नाही.

"पोस्टमास्तरांपेक्षा दोन इंच कमीच," ते कौतुकानं म्हणाले. मग खडूनं गळ्याची रेघ आखली, कात्री चालेना म्हणून सुरी घेतली आणि वरची टोपी कापून काढली.

"अहो, बिया काढा आधी," बायको म्हणाली.

"अस्तर उसवतोय ना!" मास्तर खेकसले.

सफरचंदाच्या फोडी, सुके जर्दाळू, मनुके, अक्रोड, वर दालचिनी. मास्तर ठासून भरत होते. बायकोला राहवेना. "सासूबाई म्हणायच्या, भोपळ्यात चार बोटं माया ठेवावी. मनुके फुगतात आत."

"माया? माझ्या टेबलावर?" मास्तरांनी उरलेल्या फटीत शेवटचा मनुका अंगठ्यानं दाबून बसवला. मग दाभणात मेण लावलेला दोरा ओवला आणि टोपी जागेवर शिवून टाकली. उलटी टीप, एकसारखी, जाकिटाला घालावी तशी. शिवाय कापडाची चिठ्ठी अडकवली: 'अक्का, शनिवार, दुपारी एक'.

घरच्या ओव्हनमध्ये हे धूड मावेना, म्हणून मास्तर ते कोपऱ्यावरच्या पाववाल्याकडे घेऊन गेले. पाववाल्यानं चिठ्ठी वाचली, टाके निरखले आणि गंभीरपणे विचारलं, "ट्रायल झाली का?"

"आमच्याकडे ट्रायल लागत नाही," मास्तर म्हणाले.

शनिवारी एकच्या ठोक्याला अक्का आली. केवढी वाळली होती! मास्तरांनी घाईनं तिच्यासाठी खुर्ची ओढली. टेबलाच्या मधोमध भोपळा वाफाळत होता. सगळे बसले. सगळे त्याच्याकडेच बघत राहिले. तेवढ्यात दोरा कुरकुरला. एक टाका तुटला. मग दुसरा.

"अहो..." बायको म्हणाली.

टर्रकन आवाज झाला! भोपळा गळ्यापासून खालपर्यंत फाटला. एक गरम जर्दाळू अक्काच्या मांडीवर पडला, मनुके मास्तरांच्या चष्म्यावर चिकटले.

मास्तर सवयीनं उसळले, "भोपळा मापातच होता, मनुकेच..." आणि थांबले. चष्म्यातून काही दिसत नव्हतं ते बरंच झालं. "चुकलो, अक्का," ते म्हणाले. "भोपळ्यात नाही फक्त. तेव्हापण. माया ठेवायला हवी होती मी."

"नऊ वर्षं लागली रे गाढवा तुला!" अक्का म्हणाली आणि इतकी हसली की तिला ठसका लागला. भोपळ्याला आईच्या हाताची सर नव्हती, खालून करपलाही होता. तरी अक्कानं तीनदा वाढून घेतला आणि दातात अडकलेला दोरा काढून भावाच्या ताटात ठेवला.

हात धुतल्यावर ती म्हणाली, "एक कोट शिवून दे. तिकडची थंडी हाडात शिरते म्हणे."

मास्तरांनी तिच्याभोवती टेप धरली. वहीतलं तिचं जुनं माप होतं बेचाळीस. टेप फिरत राहिली, फिरत राहिली आणि तेहतीसवर थांबली. त्यांनी पुन्हा मोजलं. तेहतीसच.

"किती भरलं?" अक्कानं विचारलं.

"बेचाळीस," मास्तर म्हणाले आणि वहीत तेच लिहिलं.

"लबाडा! लोंबेल की अंगावर."

"लोंबू दे. भरशील तू."

मास्तरांनी शिवलेला हा पहिला सैल कपडा. सोमवारी अक्का तो घालून गेली तेव्हा त्या कोटात आणखी एक अक्का सहज मावली असती.