पेपरातलं उत्तर

लग्न होऊन देवळाली प्रवराला आले तेव्हा घरात पदवीपर्यंत शिकलेली मी एकटीच होते. विषय इतिहास. चहाची भांडी विसळताना त्या पदवीचा उपयोग नव्हता, पण संध्याकाळी सहाच्या सुमारास होता. सासरे उसाला पाणी देऊन घरी यायचे, हातपाय धुवायचे आणि ओट्यावर बसून पेपर उघडायचे. आतल्या पानावर रोज पाच प्रश्न यायचे, सामान्य ज्ञानाचे. उत्तरं खाली बारीक अक्षरात उलटी छापलेली. सासरे त्यांवर अंगठा ठेवायचे आणि मोठ्यानं प्रश्न वाचायचे. मी आतून, पोळपाटावरून उत्तर द्यायचे.

बारा वर्षं हे असं चाललं. वारली चित्रं कुठली, कळसूबाई कोणत्या तालुक्यात, अमुक करार कोणत्या साली. कोणी पाहुणे आले की सासरे म्हणायचे, "इचारा आमच्या थोरलीला काय बी." मला ते फार आवडायचं. नवऱ्यानं कधी साडी आणली तरी एवढं सुख व्हायचं नाही.

मग धाकट्या दिरानं स्वतःच लग्न जमवलं. मुलगी पाथर्डीकडची. आईवडील दरवर्षी ऊसतोडीला जाणारे, लहानपणी तीही त्यांच्याबरोबर पार कर्नाटकात जाऊन आलेली. पुढे वसतिगृहात राहून शिकली आणि दोन वर्षं शहरात, सावेडीला एका खोलीत मैत्रिणींबरोबर राहून स्पर्धा परीक्षांचा अभ्यास केला. दीर तिथेच भेटला. सासूबाई आठवडाभर गप्प होत्या. मी मात्र सगळ्यांना सांगत होते की मुलगी चांगली आहे, आणि ते मनापासून होतं.

लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात सासऱ्यांनी विचारलं, अलमट्टी धरण कोणत्या नदीवर? मी गोदावरी म्हणावं की कृष्णा, या विचारात होते. ओट्याच्या कडेला मेथी निवडत बसलेली ती म्हणाली, "कृष्णा. आमी गेल्तो तिकडं. लई मोठं पानी हाय."

सासरे हसले. पेपर जरासा तिच्याकडे वळवून त्यांनी पुढचा प्रश्न वाचला. अजिंठ्याची लेणी कोणत्या नदीच्या काठावर? तिनं वाघूर म्हणून सांगितलं. ही नदी मी पुस्तकात वाचली होती, परीक्षेत लिहिली होती, आणि त्या क्षणी ती मला आठवली नाही. माझी पोळी करपली.

त्यानंतर रोजच. मला पुस्तकातलं येत होतं, पण तेही पंधरा वर्षांपूर्वीचं. तिला परवाचंही येत होतं. कोणत्या देशात कोण निवडून आलं, कुठल्या शहराचं नाव बदललं. आणि मी जिथे कधी गेले नाही अशा कितीतरी जागा तिनं पाहिलेल्या होत्या. तिचं बोलणं मला टोचायला लागलं. एकदा पाहुण्यांसमोर ती 'पानी' म्हणाली, तेव्हा मी मुद्दाम 'पाणी' म्हणून वाक्य पुरं केलं. ती एकदम थांबली. पाहुण्यांच्या लक्षातही आलं नाही, पण तिच्या आलं.

मग मी एक गोष्ट करायला लागले. पेपर सकाळी सहाला पडायचा. सगळे उठायच्या आत मी तो उघडून उत्तरं पाठ करायचे आणि घडी होती तशी घालून ठेवायचे. संध्याकाळी प्रश्न पुरा व्हायच्या आत माझं उत्तर तयार. सासरे खूश. ती कौतुकानं बघायची, त्यानं मला आणखीच राग यायचा.

एका सकाळी पेपरात होतं, ऑस्ट्रेलियाची राजधानी कोणती? उत्तर छापलं होतं सिडनी. ते चूक आहे हे मला शाळेपासून माहीत होतं. दिवसभर मनात घोळत होतं. संध्याकाळी सासऱ्यांनी विचारलं आणि मी म्हणाले, सिडनी.

"बरोबर," सासरे म्हणाले.

"कॅनबेरा ना?" ती हळूच म्हणाली.

सासऱ्यांनी पेपर उलटा करून पुन्हा पाहिला आणि छापलेलं दाखवलं. ती माझ्याकडे बघत होती. मी एक शब्द बोलले असते तरी पुरे होतं. मी म्हणाले, "पेपरवाले काय उगीच छापतील?"

दोन दिवसांनी पेपरात कोपऱ्यात दिलगिरी आली, चार ओळींची. सकाळी ती मीच पहिल्यांदा पाहिली. पान फाडलं असतं तर कळलं असतं, म्हणून त्या ओळींवर चहा सांडला. कुणी विचारलं नाही. तोवर तिनं संध्याकाळी ओट्यावर बसणंच सोडलं होतं. सासऱ्यांनी बोलावलं की म्हणायची, मामा, कपड्यांच्या घड्या करायच्यात. मला माझी जागा परत मिळाली. ती महिनाभरही गोड लागली नाही.

शेवटी दिवाळीच्या आधी, फराळाचे डबे घासताना मी तिला सगळं सांगितलं. चहाचंही. ती डबा घासत राहिली.

"मला म्हाईत हुतं, ताई," ती म्हणाली. "आमच्या ह्यांनी मोबाईलवर दावलं हुतं, दिलगिरीचं."

मग बोलली का नाहीस, असं मी विचारलं. तिनं घासलेला डबा पालथा घातला.

"माझ्या घरी मला कुनी कदी काय इचारलंच न्हाई. हितं मामांनी पयल्यांदा इचारलं. त्यात भांडान कशाला?"

मला तिच्याकडे बघवेना. त्या संध्याकाळी सासऱ्यांना सगळ्यांसमोर खरं सांगितलं. ते एवढंच म्हणाले, की मग तेव्हाच बोलायचं होतं. चिडले असते तर सोपं गेलं असतं. त्यांनी तिला हाक मारली, ती आली, आणि पहिला प्रश्न तिला गेला.

आता तिनं परीक्षेचा फॉर्म पुन्हा भरला आहे. तिच्या वाटणीचा संध्याकाळचा स्वयंपाक मी माझ्याकडे घेतला आहे, कुणी न सांगता. ती वर खोलीत वाचत असते, मी खाली भाकरी थापते. ती पास व्हावी असं मला खरंच वाटतं. आणि झाली, तर गावातले लोक तिचं काय काय कौतुक करतील ते आत्ताच ऐकू येतं, आणि तव्यावरची भाकरी करपते.