कोबीची घडी

लेकाकडे ऑकलंडला तीन महिने राहायला आले, पण दिवसभर घरात मी एकटीच. म्हणून दर बुधवारी जवळच्या हेन्डरसन भागातल्या एका हॉलमध्ये किमची, म्हणजे कोरियन लोकांचं कोबीचं लोणचं, शिकायला जाऊ लागले.

माझ्या शेजारी एक कोरियन आजीबाई असायच्या. लिपस्टिक लावलेल्या, ॲप्रनला कडक इस्त्री. आपल्यापैकी कुणी वरणभाताच्या क्लासला जाईल का? मला मेलं कळेचना. त्यात, मसाला भरलेला कोबी बाहेरच्या पानात गुंडाळताना त्यांची घडी दर वेळी चुकायची. मग शिकवणारी तरुण मुलगी यायची आणि “अशी नाही, अशी,” म्हणत त्यांचे दोन्ही हात धरून घडी घालायची. आजीबाई डोळे मिटून घ्यायच्या.

एकदा ती मुलगी फोन घ्यायला बाहेर गेली. आजीबाईंनी माझा विस्कटलेला कोबी ओढला आणि एका हाताने अशी घट्ट घडी घातली, की मी बघतच राहिले. दार वाजलं, तशी त्यांनी स्वतःच्या कोबीची घडी हळूच सोडली. माझ्याकडे बघून एवढंच म्हणाल्या, “प्लीज.”

मी कुणाला बोलले नाही.

पुढच्या बुधवारी माझी घडी पहिल्यांदाच जमली. मुलगी अजून दोन टेबलं लांब होती. मी घडी सोडली.