काळखुंटा आणि ओला टॉवेल

गल्लीच्या तोंडाशी जी जुनी इमारत आहे, तिच्या जिन्याखालच्या खोलीत काळखुंटा आहे, आणि काळखुंट्यापाशी वहिनी आहे. वहिनी हे काही तिचं नाव नव्हे. पण वरच्या मजल्यावर राहणारी तिची थोरली नणंद दिवसभर वहिनीच्या नावाने खडे फोडत असते. ते ऐकून ऐकून सगळी गल्ली, अगदी आजोबांच्या वयाचा शिंपीसुद्धा, तिला वहिनीच म्हणते.

आपली दुनिया काही एकटी नाही. एका जिन्यावरच्या बिऱ्हाडांसारख्या पुष्कळ दुनिया तिला खेटून आहेत, आणि मधल्या भिंती पातळ. प्रत्येकीचा काळ आपापल्या चालीने चालतो. म्हणून गल्लोगल्ली काळखुंटा बसवलेला असतो. कमरेइतका लोखंडी खांब, वर काचेची हंडी आणि हंडीत टांगलेला पितळी गोळा. गोळा स्थिर असला की काळ जागेवर. तो हलला की शेजारच्या दुनियेतली सकाळ आपल्या भर दुपारी आत घुसते आणि सगळ्यांची तारांबळ उडते. खांबाला तेल द्यायचं, काच पुसायची, गोळ्यावर नजर ठेवायची, ही वहिनीची नोकरी. नवरा गेल्यावर ती त्याच्या जागी लागली आणि डोळ्यांत तेल घालून तिने ती केली. सकाळी खोलीबाहेर पडायची ती फक्त एका कामासाठी, नणंदेशी भांडायला.

भांडण अगदी रीतसर. वन्सं खिडकीत, वहिनी खाली अंगणात. विषय ओला टॉवेल. वन्सं तो न पिळताच दोरीवर टाकायच्या आणि पाणी नेमकं खुंट्याच्या दारात टपकायचं. टॉवेलावरून निघालेली गोष्ट वहिनीच्या लग्नात कुणाला बसायला खुर्ची मिळाली नाही इथपर्यंत जाऊन थांबायची. मग दोघी आपापल्या कामाला. शिंपी त्या आवाजावर दुकान उघडायचा. एखाद्या दिवशी भांडण लवकर संपलं तर त्याला चुकल्याचुकल्यासारखं वाटायचं.

अशा वन्सं तापाने आडव्या झाल्या. छातीत कफ, अंगात त्राण नाही. डॉक्टर म्हणाले, "यांना हलवायचं नाही, आणि खाणं पोटात गेलंच पाहिजे." वहिनीचं मन विरघळलं. ती मऊ आवाजात बोलायला लागली. टॉवेल स्वतःच पिळून वाळत घातला आणि एक शब्द काढला नाही. तिची चूक झाली ती एवढीच, आणि कुठल्याही भल्या माणसाकडून ती झाली असती.

दुसऱ्याच दिवशी न्हाव्याच्या दुकानात गिऱ्हाईकाची अर्धी दाढी होते न होते तोच ती पुन्हा उगवली. शिंप्याने शिवलेला शर्ट संध्याकाळी नुसतं कापड होऊन टेबलावर पडला. शिंपी भोळा, त्याने तो पुन्हा शिवला. पोस्टमन कालची पत्रं पुन्हा वाटून गेला. वहिनी धावत खोलीत आली तर गोळा थरथरत होता. तिने खांब पुसला, तेल घातलं, आर्जवं केली, शेवटी एक चापटही मारली. गोळा काही केल्या ऐकेना.

चौथ्या दिवशी सकाळी खुंटे दुरुस्त करणारा इंजिनिअर आला. माणूस तरुण पण कामाचा. सगळं उघडून पाहिल्यावर म्हणाला, "खुंट्यात काही बिघाड नाही. त्याचा टेकू गेलाय."

"टेकू?"

"सगळ्या दुनियांमध्ये रोज सारखंच घडतं असं काहीतरी खुंटा शोधून काढतो आणि त्याला धरून उभा राहतो. कुठे शाळेची घंटा, कुठे बेकरीचा भोंगा. तुमच्या गल्लीत काय, ते खुंट्यालाच ठाऊक. संध्याकाळपर्यंत सापडलं नाही, तर गल्ली रिकामी करावी लागेल."

वहिनीच्या पायाखालची जमीन सरकली. "आणि वर माझी नणंद आहे, तिला हलवायचं नाही म्हणतात, तिचं काय?"

इंजिनिअर बेकरीकडे विचारायला पळाला.

वहिनी सूप घेऊन वर गेली. वन्सं भिंतीकडे तोंड करून पडल्या होत्या.

"वन्सं, थोडं घ्या ना."

"डॉक्टरांनी किती दिवस सांगितलेत?"

"कसले दिवस? बऱ्या होताय तुम्ही."

"मला शिकवू नकोस. टॉवेल तू पिळतेस. सूप अळणी म्हटलं तर हो वन्सं म्हणतेस. आई जायच्या वेळी सगळे तिच्याशी असंच गोड बोलत होते. मला कळतं गं. आता खाऊन तरी काय करायचंय?" असं म्हणून त्यांनी वाटी दूर लोटली. सगळं सूप चादरीवर सांडलं.

वहिनीचा इतक्या दिवसांचा बांध फुटला. "आत्ता बदललेली चादर! धुणार कोण? मी! मरायचंय म्हणे! आधी त्या टॉवेलांनी माझं दार कुजवलंत, त्याचा जबाब द्या आणि मग खुशाल मरा!"

वन्सं कोपरावर उठल्या. डोळ्यांत कितीतरी दिवसांनी धार आली. "जबाब मागणारी तू कोण गं? भावाने लाडावून ठेवली म्हणून इतकी चढलीस! तुझ्या लग्नात मी उभी होते, उभी! खुर्ची दिलीत का एक?"

खालून इंजिनिअर ओरडला, "वहिनी! काय केलंत? गोळा थांबतोय! चालू ठेवा, थांबू नका!"

"तुम्ही मध्ये बोलू नका!" दोघी एकदम कडाडल्या.

भांडण खुर्चीपर्यंत जाऊन यथासांग संपलं. समोर शिंप्याने आनंदाने दुकानाची फळी उघडली. वहिनी खाली आली तेव्हा गोळा असा स्थिर होता, जणू त्या गावचाच नव्हे.

"सापडला तुमचा टेकू," इंजिनिअर हत्यारं आवरत हसला. "म्हणजे झाडून सगळ्या दुनियांमध्ये तुम्ही दोघी रोज भांडताय. धन्य आहात!" आणि तो गेला.

वहिनी स्टुलावर बसली. कुठल्या दुनियेत नवरा अजून असेल, कुठे नसेल. तो गेला तेव्हा माहेरच्यांनी तिला बोलावलं होतं. वन्संनाही त्यांच्या लेकीने बोलावलं होतं. दोघींनी नाही म्हटलं होतं आणि कारण विचारलं तर एकमेकींची खोडी काढली होती. आता तिच्या लक्षात आलं, एकाही दुनियेत दोघींपैकी कुणी घर सोडून गेलं नव्हतं. सगळीकडे खिडकीत वन्सं होत्या आणि अंगणात ती. वहिनीला रडू आवरेना.

"वहिनी!" वरून आवाज आला. खोकला मध्ये आला, पण आवाज खणखणीत होता. "दुसरं सूप आणतेयस की उपाशी मारतेस? आणि मीठ घाल जरा!"

"हो हो, तुमच्या बापाची नोकर आहे ना मी!" वहिनीने पदराने डोळे पुसले आणि दोघींपुरतं सूप गॅसवर चढवलं.