बटणांखालची मराठी
परवा दाराच्या पाटीला रंग देताना टर्पेंटाइनचा वास आला आणि अकोल्यातली ती कापसाची जिनिंग-प्रेस आठवली. चांदूर रेल्वेहून मी तिथं कारकून म्हणून नवीनच गेलो होतो. जुन्या शहरात खोली घेतली होती, पण बोलायला कुणी नव्हतं. प्रेसमध्ये रुईच्या गाठी बांधायचं विलायती यंत्र आलं होतं आणि त्याच्या बटणांवर सगळं इंग्रजी. ते चालवणारे एक म्हातारे मिस्त्री मराठी वाचायचे, पण इंग्रजीसाठी घडीघडी मला हाक मारायचे, "बाबू, हे काय लिवलं हाय?" मी धावत जायचो. उडत्या रुईत उभं राहून सांगायचो. मग ते चहा पाजायचे, माझ्या आईची तब्येत विचारायचे. मालकांनी सांगितलं म्हणून एका रविवारी मी प्रत्येक बटणाखाली पांढऱ्या रंगानं मराठी नावं लिहिली. मिस्त्री खूश झाले. "आता तुमाले काहून तरास देऊ?" म्हणाले, आणि हाक बंद झाली. पंधरा दिवस मी वाट पाहिली. मग ते जेवायला गेले असताना 'थांबवा' हा शब्द नखानं खरवडून टाकला आणि टेबलाशी येऊन कान देऊन बसलो. यंत्र सुरू झालं, गाठ बांधली गेली आणि यंत्र वेळेवर थांबलं. परवाही पाटीवर स्वतःचं नाव लिहून झालं, तरी ब्रश हातात धरून मी बराच वेळ जिन्याकडे कान देऊन उभा होतो.